नानाचं अपील अन माहा आंगठा

दप्तरवाले नाना माह्यावर एकडावच रागावले, अन तेही तुपावरून.

त्याईचं नाव विश्वनाथराव. तालुक्याच्या कचेरीत रेकॉर्ड सांभायत. सारी कचेरी त्याईले नाना म्हने. मी तेथीच चपराशी. तवा वऱ्हाड अन मध्यप्रांत एकाच सरकारखाली होते. आमच्या कचेरीतून दोनच मानसाईची बदली होत नसे. एक नाना, काऊन का त्याईच्याशिवाय कागद सापडत नसे. दुसरा मी, काऊन का मले कोनी मागत नसे. कचेरी कोन्या गावची ते सांगत नाई. बुलढाना जिल्ह्यातली होती, एवढं पुरे. हे मी बोलून राह्यलो अन माहे जावई लिहून राह्यले. ते शायेत मास्तर हायत, मधातच माहं बोलनं सुधरवतात. मी म्हटलं, जावईबुवा, माहं धोतर सुधरवा, बोलनं राहू द्या.

तर तूप. साखरखेर्ड्याचा एक कास्तकार आपल्या वावराच्या धुऱ्याचा, म्हंजे बांधाचा, जुना नकाशा पाह्यजे म्हनून तीनदा येऊन गेला होता. चौथ्या डावाले नाना रजेवरून आले होते. कपाटापुढं उभे राह्यले, डोये मिटले, अन खालच्या फळीवरचा एक बस्ता काढला. बस्ता म्हंजे लाल कपड्यात बांधेल कागदाचं गाठोडं. नाना तो सोडाच्या आंधी तीनदा थापटत, आतला इच्चू बाहीर याले पाह्यजे म्हनून. इच्चू बाहीर आला तर त्याले म्हनत, "जा बाबा, तुझं नाव नाही याच्यात." त्या दिवशी नकाशाच बाहीर आला.

दुसऱ्या दिवशी त्या मानसानं नानाच्या घरी तुपाचं गाडगं ठेवून देल्लं. नाना मले म्हने, "सखाराम, तो मोटारीवर असेल. हे परत देऊन ये." थंडीचे दिवस. तूप थिजून दगड झालेलं. मी चाललो, चाललो, अन वाटेत म्हटलं का बाप्पा, साखरखेर्ड्याच्या म्हशीचं तूप कसं असते पाह्यलं पाह्यजे. एकच आंगठा घातला. चाटला. वरून फडकं बांधलं तसंच.

मोटार गेलेली होती. गाडगं वापस आनलं. नानानं फडकं सोडलं. माह्या आंगठ्यावर लहानपनी इळा लागेल हाय, त्याची आडवी खून अजूनही हाय. ती खून तुपात अशी उमटली होती, जसा सरकारी शिक्का.

नानानं तुपाकडं पाह्यलं. मंग म्हने, "हात दाखव."

मी डावा दाखवला.

"दुसरा."

"नाना, चुकलं."

"तोंडी नको. लिहून दे."

"मले लिहिता येत नाई, नाना. मी शायेत एकच दिवस गेलो, अन त्या दिवशी सुट्टी होती."

"मग ज्याला येतं त्याच्याकडून लिहून आण. पण आण."

आता हे सांगतो मी तुमाले, कचेरीबाहीर निंबाखाली जो अर्ज लिहिनारा बसे, त्याच्यापुढं जाऊन मी सांगतलं का लिही बाप्पा, मी सखाराम चपराशी, मी तूप चाटलं. तो एवढा हासला का त्याची दऊत सांडली. खाली माहा आंगठा. नानानं त्याच्यावर तारीख घातली, घडी केली, अन दप्तरात एका बस्त्यात ठेवून देल्ली. तूप दुसऱ्या दिवशी साखरखेर्ड्याले गेलं, अन मी तीन दिवस नानापुढं गेलो नाई.

असा मानूस. काया कोट, डोक्यावर टोपी, पाय जोडून बसनं. बस्त्याबस्त्यात निंबाचा पाला, उधई लागू नाई म्हनून. सुपारी नाई, बिडी नाई, गप्पा नाई. कोनीही काई मांगाले आलं का एकच बोलनं, "तोंडी नको, लिहून दे." तहसीलदारसाहेब असो का कोतवाल. घरी नानीबाई म्हनत, "ह्यांना भूक लागली हे सांगायला पण चिठ्ठी लागते."

ह्या चिठ्ठीनंच पुढचं सारं झालं. तवा एक तहसीलदार होते. त्याईनं मले सांगतलं, नानाकडून अमकी मिसल घेऊन ये. मिसल म्हंजे एका भांडनाचे सारे कागद. साहेबाच्या मेव्हन्याचं वावर होतं त्याच्यात. नाना म्हने, "चिठ्ठी?" मी वापस. साहेब म्हने, "सांग, मी मागतो आहे." मी वापस. नाना म्हने, "चिठ्ठी." अशा माह्या पाच खेपा झाल्या, उन्हाचे दिवस, जीव गेला. सहाव्या खेपेले मी थोडं मीठ लावलं. साहेबाले म्हटलं, "नाना म्हंते, साहेब असन तर आपल्या घरचा." नाना हे बोलले नोयते. मी थकलो होतो म्हनून बोललो. साहेबानं टाक दऊतीत बुचकवला. मले वाटलं चिठ्ठी लिहून राह्यले. ते नानाच्या कामाचा शेरा लिहून राह्यले होते.

हे मले चार वर्षानं कयलं.

चार वर्षानं कचेरीत नाझरची जागा रिकामी झाली. नाझर म्हंजे आमा साऱ्या चपराश्यायचा मालक, कचेरीचं सामान, खजिन्याच्या चाव्या, सारं त्याच्याकडं. बढतीच्या यादीत पयलं नाव नानाचं. आमी हार सांगून ठेवला होता. ज्या दिवशी हुकूम आला त्या दिवशी हार केशवरावच्या गयात पडला. केशवराव नानाच्या हाताखाली बस्ते बांधाले शिकेल मानूस, बारा-पंधरा वर्ष मांगून लागेल. वाईट नोयता तो. त्यालेही शरम वाटली. हार काढून टेबलावर ठेवला अन म्हने, "नाना, माझ्या हातात काही नव्हतं."

नाना म्हने, "तुझं अभिनंदन, केशव." अन आत जाऊन निंबाचा पाला बदलवाले लागले. मले वाटलं, झालं, संपलं. संध्याकायी त्याईनं मले एक लखोटा देल्ला, साहेबाच्या टेबलावर ठेवाले. त्यात एवढंच होतं म्हने, का मले वगळलं त्याचं कारन लेखी मिळावं.

महिन्यानं कारन आलं. सर्व्हिस बुकात काया शेरा हाय. मानूस कामात ढिला, रेकॉर्ड वेयेवर देत नाई.

खामगावले एक मोठे वकील होते. नाना त्याईच्याकडं गेले, संगं मी, कागदाची पेटी उचलाले. वकिलानं सारं वाचलं अन चष्मा काढला. "विश्वनाथराव, खरं सांगू का? बढती हा कोणाचा हक्क नाही. सरकारची मर्जी. दिवाणीत दावा टिकायचा नाही. वरच्या साहेबाकडे अपील करता येईल, तेही आपल्याच साहेबाच्या हातून पाठवावं लागेल. कशाला? दोन वर्षांत तुमची पेन्शन."

नाना म्हने, "मर्जी असेल तर तसं लिहून द्या म्हणावं, मी गप बसतो. पण त्यांनी कारण दिलं आहे. अन कारण खोटं आहे."

"खोटं आहे हे कसं दाखवाल?"

"ते दाखवायची पाळीच आली नाही मला. वाईट शेरा लिहिला तर तो त्या माणसाला लेखी कळवावा, त्याचं म्हणणं घ्यावं, असं सर्क्युलर आहे. माझ्याच दप्तरात आहे. मला कोणी कळवलं नाही. पाठीमागे लिहिलं अन पाठीमागे ठेवलं."

वकिलानं चष्मा पुन्हा घातला. "हे मात्र लिहा," म्हने. "हेच लिहा. दुसरं एक अक्षर लिहू नका."

वापसीत मोटारीत मी म्हटलं, "नाना, नाझर नाई झाले तर काय बिघडते? खुर्ची तेवढीच टनक."

नाना म्हने, "सखाराम, तीस वर्षं मी एक कागद हरवला नाही. उद्या मी मेलो तर माझा एकच कागद मागे राहील, सर्व्हिस बुक. त्यात लिहिलेलं असेल की हा ढिला होता. वाचणाऱ्याला काय माहीत?"

मी खिडकीतून पराटीचे, कपाशीचे वावरं पाहत राह्यलो.

अपील गेलं. वरून विचारना आली, अन आमच्या कचेरीनं उत्तर धाडलं का शेरा कयवला होता. पुरावा, डाक बुक, अमकं पान. डाक बुक म्हंजे चपराश्याची वही. कागद ज्याले द्याचा त्याची सही त्या वहीत घ्याची. केशवरावनं ती वही नानापुढं उघडून ठेवली. मी दरवाज्यात होतो. नानाच्या नावापुढं सही नोयती. आंगठा होता.

नानानं पाह्यलं. लय वेय पाह्यलं. मंग मान वर करून माह्याकडं पाह्यलं, अन वही बंद केली.

आता माही अक्कल सांगतो. आमा चपराश्यायची एक पद्धत होती. ज्याचा कागद तो मानूस जाग्यावर नसला, तर दुसरी चक्कर नको म्हनून आमी आपलाच आंगठा वहीत हानून ठेवत अन कागद मंग सवडीनं देत. सारेच करत. साहेबाईले ठाऊक नसे, कारकुनाईले ठाऊक असून नसे. त्या दिवशी नाना बापाच्या श्राद्धासाठी रजेवर होते. मी वहीत आंगठा हानला, लखोटा पटक्याच्या घडीत खोसला, अन बजारचा दिवस म्हनून बजारात गेलो. भजे घेतले. भजेवालीजवय पयसाचं पान संपेल होतं. मी म्हटलं, थांब बाई, माह्याजवय कागद हाय. सरकारी कागद जाड असते, तेल पाझरत नाई. नानाच्या नोकरीवरचा काया शेरा मी असा कांद्याच्या भज्यासंगं खाल्ला, अन पुसून फेकून देल्ला. दुसऱ्या दिवशी याद राह्यली नाई. चार वर्ष राह्यली नाई.

आता याद आली.

आठ दिवस गेले. नाना रोजच्यासारखे येत, बस्ते थापटत. मले म्हनत, "सखाराम, पाणी." मी पानी नेलं का माहा हात पाहत नसत, मुद्दाम दुसरीकडं पाहत. त्याच्यापेक्षा दोन शिव्या देल्ल्या असत्या तर मी जेवलो असतो.

घरी बायकोले सांगतलं. ती भाकर थापून राह्यली होती.

"मंग सांगून टाका का."

"नोकरी जाईन."

"जाईन."

"खाशीन काय?"

"तुमी भजे खाता, मले कोनी इचारलं होतं?" भाकर तव्यावर टाकत म्हने, "त्या मानसानं तुमचं नाव घेतलं का?"

"नाई."

"त्याईले ठाऊक हाय का तुमचा आंगठा?"

"तुपात पाह्यला हाय त्याईनं."

"अन तरी नाई घेतलं." ती माह्याकडं न पाहताच म्हने, "मले त्या मानसाचं कौतुक वाटून राह्यलं अन तुमची लाज. दोन्ही संगंच. भाकर करपली पाहा तुमच्यापायी."

मंग वरचे साहेब दौऱ्यावर आले. डाकबंगल्यात विचारना झाली. टेबलापाशी साहेब, एका बाजूले आमचे तहसीलदार, हे नवीन होते, अन केशवराव वही घेऊन. दुसऱ्या बाजूले नाना उभे, पाय जोडून. मी पंख्याची दोरी वढाले. पंखा वढनारा बिमार पडला होता, त्याच्या जाग्यावर मीच गेलो होतो. माहं नशीब पाहा.

साहेब मराठी बोलत, कोन्या पुस्तकातल्यासारखं. म्हने, "विश्वनाथराव, पत्र मिळाल्याची खूण वहीत आहे."

"खूण आहे, साहेब. माझी नाही. मी सही करतो. तीस वर्षांत अंगठा कुठं दिला नाही. ही माझ्या सह्यांची यादी, वर्षावार."

साहेबानं यादी पाह्यली. हासू दाबलं असंन, मिशी हालली. "मग हा अंगठा कोणाचा?"

नानानं टोपी सारखी केली.

"तुम्हाला माहीत आहे?"

"माझा नाही, एवढं मी शपथेवर सांगतो."

"ते उत्तर नव्हे. या अपिलाचा सगळा भार या अंगठ्यावर आहे. तो कोणाचा हे कळलं नाही, तर पत्र तुमच्यासाठीच कोणीतरी घेतलं असं मला धरावं लागेल. माहीत असेल तर सांगा. काही कागद असेल तर दाखवा."

कागद होता. तुपाचा. माहा आंगठा, इळ्याच्या खुनीसगट, खाली नाव, वर नानाच्या हातची तारीख. नाना जाऊन अर्ध्या घंट्यात आनू शकत होते. ज्या मानसानं जनमभर कागदाशिवाय दुसरं काई मानलं नाई, तो मानूस तेथी उभा राहून म्हने, "दाखवण्यासारखा कागद नाही, साहेब."

मी पाह्यलं का त्याईचं कपाय घामानं भिजलं. मंग कयलं, पंखा थांबला होता. मीच दोरी सोडली होती.

"हुजूर," म्हटलं, "माहा हाय."

साऱ्यायनं मान फिरवली. साहेब म्हने, "कोण तू?"

"सखाराम चपराशी. आंगठा माहा हाय. नाना खोटं बोलले. कागद हाय त्याईच्याजवय, तुपाचा."

"तुपाचा कागद?"

मंग सारं सांगतलं. तूप, पद्धत, श्राद्ध, बजार. साहेब लिहून घेत होते. म्हने, "अन ते पत्र? पत्र कुठे आहे?"

"भज्यात गेलं, हुजूर."

तहसीलदारसाहेबानं खोकल्यासारखं केलं अन तोंडावर रुमाल धरला. साहेबानं टाक खाली ठेवला. "किती वर्षं नोकरी झाली?"

"सोया."

"आणि किती लोकांची पत्रं अशी खाल्लीस?"

"एवढं एकच याद हाय, हुजूर. पन माही यादच तशी."

चपराश्याची पद्धत कयल्यावर साहेबानं यंदाची वहीही मांगून घेतली अन पानं उलटले. अर्ध्या जिल्ह्याचे कागद मीच घेतल्यासारखे दिसत होते. एका पानावर तहसीलदारसाहेबाच्याच नावापुढं माहा आंगठा होता. मंग रुमाल खाली आला.

मीठ लावेल गोष्टही सांगून टाकली. थे काई कोनी इचारलं नोयतं. पन एकदा उलटी सुरू झाली का अर्ध्यात थांबत नाई. ते ऐकून नानानं पयल्यांदा माह्याकडं पाह्यलं. नजरेत राग नोयता. मले वाटते, एवढ्या वर्षानं त्याईले तो शेरा कुठून आला ते कयलं, अन समाधान झालं, जसा एकादा हरपेल बस्ता सापडावा.

हुकूम याले पावसाळा गेला. तोवर मी घरी बसेल, सस्पेंड. एक दिवस केशवराव घरी आला, बायकोनं त्याले चहा देल्ला. म्हने, "सख्या, नानांनी तुझ्यासाठी अर्ज दिला वर. स्वतःचा निकाल लागायच्या आधी."

"काय लिहिलं त्याच्यात?"

"लिहिलं की खरं सांगितलं म्हणून याची नोकरी गेली, तर यापुढं या कचेरीत कोणी खरं सांगणार नाही. अन लिहिलं की अंगठ्याची पद्धत सगळ्यांना माहीत होती, मलाही होती, मी कधी लेखी कळवली नाही, ती चूक माझी."

बायको पदर तोंडाले लावून आत गेली. मी केशवरावले म्हटलं, "चहात साखर कमी पडली काय?"

निकाल असा. शेरा रद्द. केशवरावची जागा काढता येत नाई, पन पुढं जेथी कुठी नाझरची जागा रिकामी होईन ते नानाले द्यावी. मले ताकीद, अन बदली. अन गंमत पाहा. जागा रिकामी झाली ते पार सातपुड्याच्या पायथ्याशी, दुसऱ्या टोकाच्या तालुक्यात. अन साहेबाले चपराश्यासाठी जिल्ह्यातली सर्वात दूरची जागा पाह्यजे होती, तेही तेच. नानाले बढती, मले सजा, अन मोटार एकच. नानानं पेन्शनीले पाच महिने राह्यले असतानी एवढ्या दूर जावं का, म्हनून नानीबाई रडल्या. नाना म्हने, "पाच महिने तर पाच महिने. बुकात लिहिलं जाईल."

तेथी मी सोनाळा, संग्रामपूर अशी टपालाची फिरती करो. नाना कचेरीत नाझरच्या खुर्चीवर. खुर्ची मोडकी होती, पाय हालत. दुसरी मागवाले त्याईनं लेखी मागनी केली, ते पाच महिन्यात आली नाई. पन बाकीच्या चपराश्यायले मी पाह्यलं, ते वहीत सही घेतल्याबिगर मानसाच्या घरून हालत नसत. एकानं मले शिव्याही देल्ल्या, तुह्यापायी पायाले फोड आले म्हने.

त्याईच्या शेवटच्या दिवसाचं मले आंधीच सांगून ठेवलं होतं त्याईनं. "संग्रामपूरला तुझी फिरती असेल. मोटार थांबते तिथं उभा राहा." मी उभा राह्यलो. मोटार आली, धूळच धूळ. नाना खिडकीपाशी, मांडीवर टीनाची पेटी. मी म्हटलं, "नाना, उतरता का? चहा घ्या."

"मोटार थांबत नाही एवढी. ऐक." खिशातून कागद काढला. "तुला वाचता येत नाही, अन मी कधी वाचून दाखवला नाही. हुकूम आहे."

अन तेथी, बजाराच्या गलक्यात, कंडक्टर बोंबलून राह्यला, कोंबड्या वरडून राह्यल्या, नानानं मले सारा हुकूम मराठीत वाचून दाखवला. शब्दाले शब्द. मधात एक ओय होती, का सखाराम चपराशी याच्या साक्षीवर आमी विश्वास ठेवतो.

"हे आंधी काऊन नाई सांगतलं?"

"तू कचेरीभर सांगत फिरला असतास," नाना म्हने. "अन मीठ लावलं असतंस."

मोटार हालली. मी सलाम कराले हात वर नेला, अन मधातच थांबलो, काऊन का ते आता सरकारी राह्यले नोयते, अन कोनता हात कसा कराव ते मले समजे ना. तेवढ्यात नाना उभे राह्यले. हालत्या मोटारीत, पेटी खाली ठेवून, दोन्ही हात जोडून मले नमस्कार केला. चपराश्याले. मोटारीले गचका बसला अन त्याईचं डोकं टपाले ठन्न आपटलं, टोपी तिरपी झाली. मी हासलो. नानाही हासले, दात दिसेपर्यंत.

सतरा वर्षात मी त्याईले हासतानी तेवढंच पाह्यलं. मंग मोटारीच्या मांगं धूळ उठली, अन मले टपाल द्याचं होतं.